कासिमिरोचा नववा दिवस

आईच्या दारावर काळी फीत होती. गोड पावांचा पुडा छातीशी धरून लेओबार्दो किंतानार चाळीच्या चौकातच थबकला. रविवारी दुपारी हा चौक कसा गजबजलेला असायचा. दोरीवर कपडे, रेडिओवर फुटबॉल आणि सगळ्यांवर ताण करणारा शेजारच्या दोन्या ताविताचा, म्हणजे ताविताबाईचा, पोपट. आज पोपटाच्या पिंजऱ्यावरसुद्धा काळं फडकं होतं. नळावर भांडी घासणाऱ्या बायकांनी त्याला पाहिलं आणि पाठ फिरवली. एरवी याच बायका 'तुमच्या मालिकेतल्या मार्सेलाचं लग्न होणार का हो शेवटी?' म्हणून त्याला दाराशी पोचू द्यायच्या नाहीत.

त्या खोलीत आई एकटीच राहायची. दारावर फीत म्हणजे काय, याचा हिशेब फार अवघड नव्हता. त्याने कसंबसं दार ठोठावलं आणि दार आईनेच उघडलं. आई, म्हणजे वस्तीच्या दोन्या कूका, नखशिखांत काळ्या कपड्यांत होत्या, हातात जपमाळ होती आणि चेहऱ्यावर मुलाला बघून झालेला आनंद अजिबात नव्हता.

"आई! अगं, तू बरी आहेस ना?"

"मला काय धाड भरलीय?"

"मग गेलं कोण?"

दोन्या कूकांनी मान मागे वळवली. "ताविता, ऐकलंस का गं? विचारतोय, गेलं कोण! स्वतःच्या हातांनी मारलं, साऱ्या देशासमोर पुरलं, आणि आता मला येऊन विचारतोय, गेलं कोण!"

आत टेबलावर मेणबत्त्या जळत होत्या, निशिगंधाचा वास कोंडला होता, आणि मधोमध चौकटीत एका माणसाचा फोटो होता. टीव्हीच्या साप्ताहिकातून कापलेला. पांढरा डगला, हातात कात्री, डोळ्यांत माया. खाली फरशीवर चुन्याचा क्रूस काढलेला होता, घरातलं माणूस गेल्यावर काढतात तसा. फोटो होता कासिमिरोचा. कासिमिरो म्हणजे लेओबार्दोच्या 'दुसऱ्याचं आडनाव' या मालिकेतला केस कापणारा म्हातारा, आणि शुक्रवारी रात्री आठच्या भागात लेओबार्दोनेच त्याला मातीत घातलं होतं.

"आई," लेओबार्दो हळूच म्हणाला, "ते नाटक आहे."

"हो का? बरं झालं सांगितलंस. आम्हाला वाटलं, त्या खोक्यात माणसं राहतात," दोन्या कूका म्हणाल्या. "आत ये आणि गुडघ्यावर बस. आज दुसरा दिवस आहे."

लेओबार्दो गुडघ्यावर बसला. देशातल्या सगळ्यात मोठ्या वाहिनीचा लेखक-निर्माता, ज्याच्या एका इशाऱ्यावर नायिका आंधळ्या व्हायच्या आणि दुसऱ्या इशाऱ्यावर त्यांना दिसू लागायचं, तो आपणच मारलेल्या माणसासाठी जपमाळ ओढू लागला.

लेओबार्दोची सगळी कारकीर्द लोकांच्या कानातून झाली होती. त्या वाहिनीवर नटनट्या संवाद पाठ करत नसत. पाठ करायला वेळ कुणाला? सकाळी लिहायचं, दुपारी चित्रित करायचं, संध्याकाळी दाखवायचं. म्हणून प्रत्येकाच्या कानात एक बारीक यंत्र बसवलेलं असायचं, त्याला सगळे 'वाटाणा' म्हणायचे. काचेच्या खोलीत बसलेला माणूस एक श्वास आधी वाक्य वाचणार, आणि नट तेच वाक्य डोळ्यांत पाणी आणून म्हणणार. तरुणपणी लेओबार्दो त्या काचेच्या खोलीतला माणूस होता. एक दिवस लेखकमहाशय दारूच्या गुत्त्यातून बाहेरच आले नाहीत, कॅमेरे चालू झाले, आणि पानं कोरी. लेओबार्दोने डोळे मिटले आणि नायिकेच्या कानात सुचेल ते सांगत सुटला. तिने त्याच दमात नवऱ्याला सोडलं, हरवलेला मुलगा शोधून काढला आणि चक्कर येऊन पडली. बाईंना वाटलं, आज लिखाण फार उतरलंय. लोक ढसाढसा रडले. पुढे त्या लेखकाची खुर्ची लेओबार्दोला मिळाली, आणि काही वर्षांनी निर्मात्याचीही. दोन्हींत फरक एवढाच की लेखक रडवतो, आणि किती मिनिटं रडायचं ते निर्माता ठरवतो.

कासिमिरो त्याने ठरवून निर्माण केलाच नव्हता. नायिका मार्सेला घरातून हाकलली जाते तेव्हा तिला रडायला एक जागा हवी होती, आणि केस कापण्याच्या दुकानाचा देखावा गोदामात पडून होता. त्या दिवशी लेओबार्दो इतका थकला होता की डोकं चालेना, म्हणून हाताला येईल ते लिहिलं. आणि हाताला आले ते त्याचे वडील. ताचो किंतानार. कोपऱ्यावर दुकान होतं त्यांचं. कात्री आधी हवेत दोनदा वाजवायची, मगच केसांना लावायची, ही त्यांची सवय. गिऱ्हाईक खुर्चीत बसून रडायला लागलं, आणि त्या वस्तीत बरेच जण तेवढ्यासाठीच केस कापायला यायचे, तर ताचो हनुवटीखाली एक बोट धरून म्हणायचे, "मान सरळ ठेव. बाकीचं मी बघतो."

पडद्यावरच्या कासिमिरोच्या तोंडी हे वाक्य आलं आणि देशभर पसरलं. टॅक्सीवाले म्हणू लागले, मास्तरणी म्हणू लागल्या, संसदेत एक मंत्री भाषणात म्हणाला आणि त्याला तेवढ्यापुरत्या टाळ्याही मिळाल्या. वडिलांची चोरी कुणाच्या लक्षात आली नाही, असं लेओबार्दोला वाटत राहिलं. लिहिणाऱ्या लोकांना असं वाटतंच. खरं तर अख्ख्या चौकाने पहिल्याच रात्री ओळखलं होतं. दोन्या कूका काही बोलल्या नाहीत. त्यांनी फक्त खुर्ची टीव्हीच्या जरा जवळ ओढली, आणि आठ वाजायच्या आत केस विंचरून बसायला लागल्या.

मग मारलं कशाला एवढ्या गुणी माणसाला? तर जिन्यासाठी. वाहिनीचे उपाध्यक्ष आरिस्मेंदीसाहेब यांनी निरोप धाडला की शुक्रवारी समोरच्या वाहिनीवर सौंदर्यस्पर्धा आहे, तेव्हा आपल्याकडे कुणीतरी मरायला हवं, आणि ते लोकांना आवडणारं हवं. शिवाय पुढच्या महिन्यात खलनायिका हवेलीच्या जिन्यावरून गडगडणार होती, आणि तो जिना उभा करायला स्टुडिओत एकच कोपरा होता. त्या कोपऱ्यात कासिमिरोचं दुकान होतं. लेओबार्दोने फार विचार केला नाही. शुक्रवारी कासिमिरो गेला, सौंदर्यवतींकडे कुणी ढुंकून पाहिलं नाही, साहेबांनी फळांची करंडी पाठवली.

जपमाळ संपली. बायका दालचिनीची कॉफी घेऊन आल्या, पण लेओबार्दोच्या हातात कुणी पेला दिला नाही.

"रविवारी नववा दिवस," दोन्या कूका म्हणाल्या. "क्रूस उचलायचा. तू उचलायचास."

"मी?"

"मारलास तू, मग उचलायला काय उपाध्यक्षांना बोलावू?"

क्रूस उचलणं म्हणजे काय, हे लेओबार्दोला लहानपणापासून ठाऊक होतं. नववा दिवस होईपर्यंत मेलेलं माणूस घरातच घुटमळत असतं. क्रूस उचलला की त्याला मोकळं केलं. त्यानंतर त्याला हाक मारायची नाही, त्याचा वेगळा पेला मांडायचा नाही. सगळ्यांच्या देखत सोडलेल्या माणसाला परत बोलावलं, तर त्यालाही त्रास आणि बोलावणाऱ्याचं तोंडही काळं. लेओबार्दोने मान डोलावली. एक रविवार जाईल, एवढंच त्याच्या मनात आलं.

बुधवारी साहेबांनी बोलावलं. फळांची करंडी या खेपेला नव्हती.

"किंतानार, लोक टीव्ही बंद करताहेत," साहेब म्हणाले. "सोमवारपासून. माझी स्वतःची बायको पत्ते खेळत बसते आठ वाजता. म्हणते, तो म्हातारा नाही तर बघू काय? त्याला परत आणा."

"साहेब, पुरला त्याला."

"पेटी कुणी उघडून पाहिली?"

"उघडीच होती. मार्सेलाने त्याच्या कपाळाचं चुंबन घेतलं. तुम्हीच म्हणालात, जवळून दाखवा."

साहेबांनी सुस्कारा सोडला. कोपऱ्यात बेरेनीसे ओल्गीन बसली होती. लेओबार्दोनेच हाताखाली घेऊन शिकवलेली तरुण लेखिका, त्याच्यापुढे अतिशय नम्र, आणि डोळे सतत त्याच्या खुर्चीवर. ती गोड आवाजात म्हणाली, "जुळा भाऊ आला तर, माएस्त्रो? ग्वादालाहाराहून?"

"त्याला भाऊ नाही. तो एकदा मार्सेलाला म्हणतो, मी एकुलता एक."

"तेव्हा त्याला माहीत नव्हतं," बेरेनीसे म्हणाली.

साहेबांनी टेबलावर थाप मारली. "हिला म्हणतात डोकं! सोमवारी तो दारात उभा पाहिजे, किंतानार. नाहीतर मला ही मालिका दुसऱ्याच्या हातात द्यावी लागेल, आणि तुम्हाला ठाऊक आहे, मला तसं करताना किती वाईट वाटतं."

आता मात्र लेओबार्दो पेचात पडला. रविवारी आईच्या घरी सगळ्या वस्तीदेखत कासिमिरोला निरोप द्यायचा, आणि सोमवारी आठ वाजता तोच चेहरा घेऊन तो दारात हजर! आईला नळावर जायची सोय राहिली नसती. आणि मालिका सोडायची तर उरतं काय? बायको केव्हाच सोडून गेली होती, तीही म्हणे 'तू माझ्याशी बोलतोस की माझ्यासाठी संवाद लिहितोस तेच कळत नाही' म्हणून. 'दुसऱ्याचं आडनाव' हेच त्याचं घरदार होतं.

विचार करकरून त्याने एक तोड काढली, आणि ती अगदी टीव्हीच्या माणसाला सुचावी अशीच होती. कासिमिरोचं काम करणारे नट फिदेन्सियो लारान्यागा यांनाच रविवारी आईकडे घेऊन जायचं. धडधाकट माणूस डोळ्यांसमोर बघितला की लोक हसतील, स्वतःवरच हसतील, सुतकाची मेजवानी होईल, आणि सोमवारी जुळा आला तरी कुणी मनाला लावून घेणार नाही.

लारान्यागा आनंदाने तयार झाले. मेल्यापासून त्यांना काम नव्हतं.

"कॅमेरा कुठल्या बाजूला असेल?" त्यांनी गाडीत विचारलं.

"कॅमेरा नाही. घर आहे माझ्या आईचं."

"बरं. मग वाटाणा?"

"वाटाणाही नाही."

लारान्यागांचा चेहरा पडला. वाटाण्याशिवाय ते हॉटेलात सूपसुद्धा मागवू शकत नसत, बायको मागवायची. "मग मी बोलू काय, माएस्त्रो?"

"काही बोलू नका. नुसते जिवंत दिसा."

"जमेल का मला?" लारान्यागा काळजीने म्हणाले आणि आरशात बघून जिवंत दिसायची तालीम करू लागले.

रविवारी चौकात पाय ठेवायला जागा नव्हती. आजूबाजूच्या गल्ल्यांतूनही लोक आले होते. मोठ्या पातेल्यांतून पानांत गुंडाळून उकडलेल्या मक्याच्या तामालेसची वाफ येत होती. लेओबार्दोने लारान्यागांना पुढे केलं आणि खड्या आवाजात म्हणाला, "मंडळी, बघा कोण आलंय!"

सगळ्यांनी वळून पाहिलं. मग नाबोर खाटीक उठला, त्याने टोपी काढली, पुढे येऊन लारान्यागांचे दोन्ही हात हातात घेतले आणि म्हणाला, "सेन्योर, आलात, फार बरं केलंत. तुमच्यावर तर आभाळच कोसळलं असेल. तुमच्याइतकं जवळून त्यांना कुणी ओळखलं?"

"अहो, असं काय करता!" लेओबार्दो म्हणाला. "जिवंत आहेत ते! हात लावून बघा!"

"जिवंत आहेत ते दिसतंय की," दोन्या ताविता फणकारली. वस्तीतल्या सगळ्या जपमाळा तीच चालवायची आणि मधे कुणी बोललेलं तिला खपायचं नाही. "आम्ही काय खुळ्या आहोत? हे नट आहेत. नट जिवंतच असतात. गेले ते कासिमिरो. व्हा बाजूला, जवळच्या माणसांना पुढे बसू दे."

लारान्यागांना आत, क्रूसासमोर पहिल्या ओळीत बसवलं, काळी फीत बांधली, कॉफी दिली. बायका एकेक करून येऊन त्यांचं सांत्वन करू लागल्या. किती चांगला माणूस होता, किती गोड बोलायचा, असे हात कुणाला नव्हते. आयुष्यात कुणी त्यांच्याविषयी इतकं चांगलं बोललं नव्हतं. दुसऱ्याच बाईला लारान्यागांचा बांध फुटला आणि ते हमसून हमसून रडायला लागले, तेही कुणी न सांगता. लेओबार्दो भिंतीशी उभा राहून बघत राहिला. त्याच्या बेताचे पार तीन तेरा वाजले होते.

प्रार्थना झाल्या. क्रूस उचलायच्या आधी दोन्या कूका उठल्या आणि लारान्यागांच्या समोर जाऊन उभ्या राहिल्या. बुटकी बाई ती, बसलेल्या माणसाच्या डोळ्यांशी तिचे डोळे आले.

"एक विचारायचं होतं," त्या म्हणाल्या. "शेवटी फार त्रास झाला का?"

हा प्रश्न कासिमिरोविषयी नव्हता, हे लेओबार्दोला कळलं. वडील गेले तेव्हा हॉस्पिटलवाल्यांनी दार लावून घेतलं होतं. आई बाहेर बाकावर बसून होती, पर्स मांडीवर घेऊन. दार उघडलं तेव्हा सगळं आटपलं होतं. आत काय झालं, ते तिला कधी कुणी सांगितलं नाही, आणि लेओबार्दोने कधी विचारलं नाही की तुला ते हवंय का.

लारान्यागा गोंधळले. सवयीने त्यांचा हात कानाकडे गेला, कान रिकामा होता. त्यांनी लेओबार्दोकडे पाहिलं, सांगा ना, अशा नजरेने. लेओबार्दोने तोंड उघडलं. आयुष्यभर त्याने दुसऱ्यांच्या कानात शब्द ओतले होते, मरणाऱ्यांच्या, मारणाऱ्यांच्या, वेड्यांच्या, आंधळ्यांच्या. आता एकही शब्द आला नाही.

तेव्हा लारान्यागांनी जे येत होतं ते केलं. इतक्या वेळा म्हणून झालेलं एकच वाक्य त्यांना पाठ होतं. त्यांनी दोन्या कूकांच्या हनुवटीखाली एक बोट धरलं आणि म्हणाले, "मान सरळ ठेव. बाकीचं मी बघतो."

दोन्या कूकांनी मान सरळ केली. बराच वेळ तशीच ठेवली. मग पदरासारखी शाल सावरली आणि म्हणाल्या, "लेओ, ये. उचल."

लेओबार्दो गुडघ्यांवर बसला. कुंचल्याने त्याने चुना गोळा करायला सुरुवात केली, आधी डोकं, मग हात, मग पाय, आणि सगळा छोट्या पेटीत भरला. अंत्ययात्रेचे इतके प्रसंग लिहिले होते त्याने, पण चुना इतका हलका असतो हे त्याला माहीत नव्हतं.

"पेटी कुठे न्यायची?" त्याने विचारलं. "कासिमिरोचं थडगं तर पुठ्ठ्याचं आहे."

"तुझ्या बापाच्या थडग्यावर. दुसरीकडे कुठे?"

"आई... तुला माहीत होतं?"

"मेल्या, मी संसार केला त्या माणसाबरोबर. हवेत दोनदा कात्री वाजवणारा दुसरा कोण होता या शहरात?"

"मग बोलली का नाहीस कधी?"

"बोलले असते तर तू बंद केलं असतंस. तुम्हा लिहिणाऱ्यांना लाज येते, पण नको तिथे येते." त्यांनी पेटीवर हात ठेवला. "रोज आठ वाजता यायचा. बरं वाटायचं. आता गेला, दोनदा गेला. इतक्या लोकांसमोर सोडलंय त्याला, लेओ. परत आणू नकोस."

"नाही आणणार," लेओबार्दो म्हणाला. आणि हे वाक्य त्याने कुणासाठी लिहिलेलं नव्हतं.

सोमवारी सकाळी तो साहेबांसमोर उभा राहिला आणि म्हणाला, "जमणार नाही. आईला शब्द दिलाय."

आरिस्मेंदीसाहेब एकदम हळवे झाले. त्यांनी छातीवर क्रूस केला, डोळे टिपले, स्वतःच्या आईचा फोटो खणातून काढून दाखवला. "आईपुढे कुणाचं चालतं, किंतानार? तुम्ही माझ्या मनातलं बोललात," म्हणाले आणि मालिका बेरेनीसेला देऊन टाकली.

"माएस्त्रो, तुमच्याकडूनच शिकले सगळं," बेरेनीसे डोळ्यांत पाणी आणून म्हणाली. जुळ्या भावाचा भाग तिने शनिवारीच लिहून ठेवला होता.

लेओबार्दो दिवसभर शहरात नुसता भटकला. आठ वाजत आले तसे त्याचे पाय आपोआप आईच्या चौकाकडे वळले. आज जे दिसणार होतं ते आईने त्याच्या तोंडून आधी ऐकावं, एवढीच त्याची इच्छा होती. हे मी केलेलं नाही, मी शब्द पाळला, त्यापायी सगळं गेलं, पण पाळला. जाताना त्याला स्वतःचा थोडा अभिमानही वाटत होता. नायक असेच चालत जातात हे त्याला लिहून लिहून ठाऊक होतं.

दोन्या कूका केस विंचरून टीव्हीसमोर बसल्या होत्या.

"आई, आज लावू नकोस तो."

"का? माणूस गेला म्हणून मार्सेलाला वाऱ्यावर सोडायचं? शू! सुरू झालं."

"अगं, ऐक तरी..."

"जाहिरातीत बोल."

पडद्यावर मार्सेला रिकाम्या दुकानात रडत होती. दार वाजलं. दारात ट्रंक घेऊन, नवी कोरी मिशी लावून लारान्यागा उभे. "माझ्या भावाला शोधतोय मी," ते म्हणाले, आणि डोळे असे भरून आले की वाटाण्यातून कुणी सांगतंय अशी शंकाही येऊ नये.

चौकातल्या सगळ्या खोल्यांतून एकदम आरडाओरडा झाला. लेओबार्दोने डोळे मिटले. पण तो संताप नव्हता. नाबोर खाटीक गॅलरीतून ओरडत होता, "आला रे, आला! भाऊ आला!" कुणीतरी डबा बडवत होतं. दोन्या ताविताने पिंजऱ्यावरचं फडकं काढलं असावं, कारण पोपटही बोंबलायला लागला.

लेओबार्दोने भीत भीत आईकडे पाहिलं. त्या पुढे वाकून एकटक बघत होत्या. जाहिराती लागल्या.

"आई, हे मी नाही लिहिलं. मी नाही म्हणालो त्यांना. मला काढून टाकलं."

"काढून टाकलं? का?"

"का म्हणजे? तूच म्हणालीस ना, त्याला परत आणू नकोस!"

दोन्या कूकांनी त्याच्याकडे पाहिलं, लहानपणी तो उलटे बूट घालून यायचा तेव्हा बघायच्या तसं. "अरे, पण हा कुठे परत आलाय? हा तर पहिल्यांदाच आलाय. ग्वादालाहाराचा आहे, बोलण्यावरून कळत नाही? मिशी बघ त्याची. ताचोला मिशी सहन व्हायची नाही. बिचारा, भावाच्या मर्तिकालाही पोचला नाही वेळेवर."

"म्हणजे... मी हा भाग लिहिला असता, तर तुला चाललं असतं?"

"न चालायला काय झालं? दुसऱ्याच्या भावाला मी कशाला अडवू?"

तो भिंतीला टेकला. त्याला हसू येत होतं आणि रडूही, आणि दोन्हींपैकी एकही धड येईना. मग दोन्या कूकांनी नेहमीचा प्रश्न विचारला. मालिका सुरू झाल्यापासून दर रविवारी विचारायच्या, आणि तो दर रविवारी नुसता हसून उठायचा, कारण त्याला लिहायला जायचं असायचं.

"काय रे, उद्या काय होणार?"

"मला माहीत नाही, आई."

"खरंच?"

"खरंच माहीत नाही."

दोन्या कूकांचा चेहरा उजळला. त्यांनी पाय लांब करून शेजारची खुर्ची त्याच्याकडे ढकलली.

"मग बस की इथे," त्या म्हणाल्या. "ताचो गेल्यापासून एकटीने बघतेय."

लेओबार्दो बसला. जाहिराती संपत आल्या होत्या.